पाहुण्यांच्या ताटातली अळंबी

"माझ्या आईनं कुणाला विष घातलं नाही, ताई," लिडिया खुर्चीत टेकायच्या आधीच म्हणाली.

खासगी तपास करणाऱ्या चेतना गिरासेंचं ऑफिस नंदुरबारला, मिरचीच्या वखारीवर. तिथं येणारं अशील आधी शिंकायचं आणि मग रडगाणं सांगायचं. ही मुलगी शिंकलीसुद्धा नाही. प्रकरण गंभीर आहे हे चेतनाबाईंचा सहायक कुंदन याने तेवढ्यावरून ताडलं, आणि त्याला स्वतःचंच कौतुक वाटलं.

लिडियाची आई सोमीबाई वीस वर्षं नवापूरच्या बाजारात रानातली अळंबी विकत होती. गेल्या आठवड्यात प्रकाशा गावच्या भटूअण्णांनी तिच्याकडून एक वाटा नेला आणि त्यांच्या घरी जेवलेल्या दहाही जणांना उलट्या झाल्या. सगळे वाचले, पण बाजारकऱ्यांनी सोमीबाईला तिच्या जागेवरून उठवलं. परवाच्या बाजारालाही ती बसली नाही, तर तिच्या हातची अळंबी पुन्हा कुणी घेणार नव्हतं.

"चूक कुणाचीही होते," कुंदन म्हणाला. "एखादी विषारी आली असेल टोपलीत."

"तुझं मत जपून ठेव," चेतना म्हणाल्या. "नंतर बदलायला लागेल."

त्याच दुपारी सोमीबाई त्यांना डोंगरातल्या वारुळापाशी घेऊन गेली. ती घरच्या बोलीत बोलायची, लिडिया मराठीत सांगायची. टोकदार काठीनं तिनं माती उकरली आणि अळंबी अलगद वर काढली. खाली वीतभर पांढरी शेपटी होती.

"ही वारुळातून येते. शेपटी तोडून विकत नाही आम्ही," लिडिया सांगू लागली. "जुनं गिऱ्हाईक आधी शेपटी बघतं, मग छत्री."

"त्या दिवशी किती वाटे विकले?"

"पाच. बाकीच्या चार घरी काहीच झालं नाही."

दुसऱ्या दिवशी लिडियाला घेऊन ते प्रकाशाला पोचले. भटूअण्णा ओसरीवरच होते. माणूस भला, पण चिडलेला.

"दरसाल तिन्हाकडथूनच लेतस आमी. यंदाच घात व्हयना."

"आणली कशात? प्लास्टिकच्या पिशवीत?" कुंदननं डोळे बारीक करून विचारलं.

"टोपलीमा, सागना पानवर. शेपटीसगट बारा व्हत्यात. पोरले दखाले पाव्हना येणार व्हतात ना."

"बारा अळंब्या, आणि मुलगी बघायला आलेले धरून जेवणारे दहा. पुरल्या?" चेतनांनी विचारलं.

"पुरीसन उरनं. पोऱ्याना बापनी तर तीनदा वाढी लिनं."

चहा घेऊन त्यांची बायको रंजनाबाई आली. न विचारताच ती बोलू लागली. "मी भाजीमा चांदीनं जोडवं टाकीसन दखं, ताई. काळं नही पडनं. मंग मन्हा काय दोष?"

"दरवर्षी टाकता जोडवं?"

"नही. यंदाच."

चेतना उठल्या आणि गोठ्यामागं गेल्या. शेणखत सांडलेल्या गवतात पांढऱ्या छत्र्या उगवल्या होत्या. कुंदनला त्या अगदी सोमीबाईच्याच वाटल्या. चेतनांनी एक उचलली. ती दोन बोटांनी ओढताच अख्खी वर आली. खाली शेपटी नव्हती, नुसता गोळा. दुसरी एक जून झालेली उलटी केली, तर आतल्या पापुद्र्यांवर हिरवट झाक होती. शेजारच्या चार-पाच जागी उपटल्याच्या खुणा होत्या.

ओसरीवर परतल्यावर त्यांनी दोन्ही छत्र्या सगळ्यांसमोर ठेवल्या.

"सोमीबाईच्या मालात खोट असती तर पाच घरं आजारी पडली असती. पडलं एकच. बारा अळंब्यांत दहा माणसं जेवून भाजी उरत नाही. म्हणजे पातेल्यात भर पडली. ही गोठ्यामागची. सोमीबाईच्या बाराही शेपटीच्या होत्या, हिला शेपटीच नाही. कोवळी असताना पांढरीशुभ्र दिसते, जून झाली की हिरवी पडते. चांदी हिच्यानं काळी पडत नाही, त्यामुळे त्या परीक्षेला अर्थच नाही. पण परीक्षा केली, हे महत्त्वाचं. सोमीबाईच्या अळंबीवर या घरानं कधी संशय घेतला नव्हता. जोडवं यंदाच का पडलं? कारण यंदा पातेल्यात अशी अळंबी होती, जिची खात्री नव्हती."

भटूअण्णांनी बायकोकडे पाहिलं. रंजनाबाई खाली बसली.

"चार येणार व्हतात, सात उनात. कमी पडी गयं तं काय तोंड दखाडतू? आन् मंग सांगतू, तं पोरनी सोयरीक मोडती."

"म्हणून माझ्या आईचं नाव मोडलं," लिडिया म्हणाली.

कुंदनला स्वतःचं पहिलं मत आठवलं आणि त्याला लाज वाटली.

दुसऱ्या दिवशी नवापूरच्या बाजारात, सोमीबाईच्या रिकाम्या जागेवर उभी राहून रंजनाबाईनं सगळं सांगितलं. पाहुण्यांना तिनं सकाळीच फोन केला होता. ते कळवतो म्हणाले होते. सोयरीक राहते की जाते, ठाऊक नव्हतं. तरी ती आली होती.

सोमीबाईनं ऐकून घेतलं आणि पोतं अंथरलं. दोन बायका लगेच टोपलीशी वाकल्या. त्यांच्याकडे लक्ष न देता तिनं रंजनाबाईला हाताला धरून शेजारी बसवलं आणि मोडक्यातोडक्या मराठीत म्हणाली, "बाई, त्या दिवशीच मला फोन करायचा. कोणती खायची नाही, ते मी फुकट सांगते."