निकोनच्या उजवीकडची जागा

रांगेतला माणूस उजवीकडे सरकतो. वीस वर्षं मी हे पाहत आलो आहे आणि त्यात गूढ काहीही नाही. ढाल डाव्या हातात असते. तिचा अर्धा भाग आपल्याला झाकतो, उरलेला अर्धा डावीकडच्या शेजाऱ्याला. म्हणजे प्रत्येकाची उजवी कूस उघडी, आणि ती झाकायची तर उजवीकडच्याच्या ढालीआड शिरायला हवं. मग काय, पावा वाजू लागला की भर उन्हात भिंतीच्या सावलीला शेळ्या सरकतात तसे सगळे शूरवीर वीतवीतभर उजवीकडे. स्पार्टाचे ते केस विंचरून मरायला येणारेही सरकतात. अथेन्सचे बडबडे तर बोलता बोलता सरकतात.

थीब्जच्या पवित्र दलात माणसांची ही खोड मोडायचं काम माझ्याकडे होतं. पवित्र हे नाव शहराने दिलेलं. तीनशे माणसं, दीडशे जोड्या. किल्ल्यावर राहायचं, शहराच्या पैशाने सरोवरातले वाम मासे खायचे आणि दिवसभर कवायत करायची. जोडीतला जोडीदाराशेजारी लढला तर पळणार नाही, असा त्यामागचा हिशेब. त्यासाठी प्रत्येक जोडीने इओलाओस या पुराणातल्या वीराच्या थडग्यावर हात ठेवून शपथ घ्यायची, की जिवंत असेतो एकमेकांची बाजू सोडणार नाही. मीही घेतली होती, थेराससोबत. त्या थडग्यावर गावातल्या शेळ्या चढतात. थडग्यावर माझा काडीचाही विश्वास नव्हता. थेरासवर होता. माझं त्याच्यावर प्रेम होतं, आणि ही एवढी एकच गोष्ट अशी होती की तिच्याबद्दल मी कधी वाकडं बोललो नाही.

त्या वसंतात आमच्यातला अग्लाओस मेला. लढाईत नव्हे. तबेल्यात खेचराची लाथ छातीत बसली आणि संध्याकाळपर्यंत कारभार आटोपला. इतकी वर्षं शहराने ज्याला मासे चारले, तो वीर खेचराने मारला. मी हसलो होतो, हे कबूल करतो.

त्याचा जोडीदार निकोन. उंच, मऊ आवाजाचा, कुणी ओरडलं तरी मान खाली न घालणारा. अशा वेळी दलाचा रिवाज साधा आहे. उरलेल्याने नवा जोडीदार घ्यायचा, नाहीतर शेतावर परत जायचं. मी त्याला जेवणाच्या बाकावर गाठलं.

"नाव सांग. कोण हवाय?"

"कुणी नको," निकोन म्हणाला. "माझी जागा भरलेली आहे."

"खेचराने रिकामी केली ना रे ती?"

बाकावरचे सगळे हसले. निकोन शांतपणे भाकरी मोडत राहिला. त्याने तिचे दोन तुकडे केले आणि एक आपल्या उजव्या हाताशी ठेवला. असल्या नाटकांचा मला तिटकारा आहे.

त्याला हाकलायला वेळ नव्हता. स्पार्टाचं सैन्य निघाल्याची बातमी आली होती आणि शिकलेला माणूस घालवणं परवडणारं नव्हतं. म्हणून मीच पुढच्या रांगेत निकोनच्या उजवीकडे, अग्लाओसच्या जागी उभा राहिलो. थेरासला माझ्या मागच्या रांगेत यावं लागलं.

"शेजार सोडलास माझा," थेरास म्हणाला.

"चार पावलं मागे आहेस, राजा. अथेन्सला नाही पाठवलं तुला."

"शपथ बाजूची होती. पाठीची नव्हे."

"त्या दगडाला काय कळतंय?" मी म्हणालो.

पहिल्याच दिवशी नदीकाठच्या मैदानात दोनशे पावलं चालून आम्ही थांबलो, तेव्हा माझ्या आणि निकोनच्या मध्ये जागा सुटली होती. बरोबर एका माणसाची.

मी त्याला शिव्या घातल्या. दुसऱ्यांदा चाललो. पुन्हा तेवढीच. सहा वेळा चाललो, सहाही वेळा तेच. आणि एक गोष्ट मला टोचू लागली. मी जागचा हललो नव्हतो, माझ्या उजवीकडचे माझ्याशी नीट जुळलेले होते. म्हणजे निकोन डावीकडे सरकत होता. डावीकडे कुणी सरकत नाही. डावीकडे जाणं म्हणजे आपली उघडी कूस आपण होऊन आणखी उघडी करणं. भित्रा सरकतो तो उजवीकडे, शूर जागेवर राहतो. डावीकडे सरकतो तो फक्त एकच माणूस, ज्याची उजवी बाजू आधीच झाकलेली आहे.

मी विचार करून पाहणारा माणूस आहे. दुसऱ्या दिवशी दोन हात लांबीची दोरी आणली, एक टोक माझ्या पट्ट्याला बांधलं, दुसरं त्याच्या.

"आता सरक," म्हटलं.

दोनशे पावलांनी थांबलो. दोरी ताणलेली होती, पट्टा कमरेत रुतत होता. मी खाली पाहिलं. दोरी ताठ होती, पण सरळ नव्हती. मध्यावर ती आमच्या मागच्या बाजूला वाकली होती, कुणाच्या तरी कमरेला वळसा घातल्यासारखी. मी हात लावताच ती सैल पडली.

खाली धुळीत माझी पावलं होती, निकोनची होती. मध्ये एकही नव्हतं. त्याने मला जरा बरं वाटलं.

"दोरी ओली असेल," मी मोठ्याने म्हणालो. कुणी काही विचारलं नव्हतं.

त्याच आठवड्यात वरून नवा हुकूम आला आणि तो ऐकून सगळा किल्ला चक्रावला. शतकानुशतकं सगळे ग्रीक आपले उत्तम योद्धे उजव्या टोकाला ठेवत आले. आम्ही डाव्याला ठेवायचे. तिथे मागे पन्नास रांगा लावायच्या, उजवं टोक मागे रोखून धरायचं आणि डावीकडे कलत जाऊन थेट स्पार्टाच्या राजावर आदळायचं. सापाचं डोकं ठेचलं की शेपूट आपोआप थांबतं. डोकेबाज बेत होता, मी नाही म्हणत नाही. पण बेत आखणाऱ्यांना रांगेत उभं राहावं लागत नाही. डावीकडे कलत चालायचं म्हणजे प्रत्येकाने स्वतःच्या भीतीच्या उलट चालायचं. हजारो माणसांना हे शिकवायला माझ्या हातात वीस दिवस होते.

आणि ते ज्याला न शिकवता येत होतं असा एकच माणूस होता.

मी निकोनवर रांग बांधली. त्याच्याकडे पाहून चला, म्हणून सगळ्यांना सांगितलं. पाच दिवसांत दल डावीकडे असं कलू लागलं की बघायला किल्ल्यावरून लोक येऊ लागले. वरच्यांनी माझी पाठ थोपटली. मी थोपटून घेतली.

राहिला प्रश्न त्या जागेचा. पुढच्या रांगेत माणसाएवढं भगदाड म्हणजे स्पार्टाच्या भाल्यासाठी उघडं दार. भाला आत शिरला की निकोन पडणार, मग रांग दुभंगणार, दल गेलं की पन्नास रांगा गेल्या आणि त्यांच्यामागे शहर. उपाय सोपा होता. जागा सुटली की मागचा माणूस पुढे येऊन ती भरतो. मागचा माणूस थेरास होता.

"आज भगदाड पडलं की तू आत शिर," मी त्याला सांगितलं.

थेरास तसा दलातला सगळ्यात टवाळखोर. देवळाचे दरवाजे आपोआप उघडले, म्हणून पुजाऱ्यांनी गावभर ओरडा केला, तेव्हा त्यांच्या तोंडावर "बिजागरीला तेल कुणी घातलं?" असं विचारणारा हाच. पण त्या सकाळी तो हसला नाही.

कवायत सुरू झाली. तो आत शिरला, दहा पावलं चालला आणि बाहेर आला. त्याचा चेहरा पांढरा पडला होता. डाव्या दंडावर ढालीच्या कडेचा लाल वळ उठला होता.

"निकोनची ढाल लागली," मी म्हणालो.

"निकोनची ढाल त्याच्या पलीकडच्या हातात असते, शहाण्या. माझ्या बाजूला त्याचा भाला होता."

"मग माझी."

"तू माझ्या उजवीकडे होतास." तो वळ चोळत राहिला. "लाम्पोन, तिथे जागा नाहीये."

"चांगली माणसाएवढी जागा आहे. मी मोजली आहे."

"दिसते. पण नाहीये. मला हळूच ढकललं कुणीतरी. रागाने नाही. देवळात गर्दीत चुकून कुणाच्या जागी बसलो तर ढकलतात ना, तसं."

मी काय केलं असतं तर बरं झालं असतं, हे आज मला ठाऊक आहे. त्या वेळी मी सगळ्यांसमोर हसलो. खेचराच्या लाथेने मेलेल्याला घाबरतोस, म्हणालो. आईच्या मांडीवर जाऊन बस, म्हणालो. लोक हसले. थेरासही शेवटी हसला, कारण मी हसत होतो.

"बरं बाबा," तो म्हणाला. "तू सांगशील तसं."

ल्युक्ट्रा गावाजवळच्या मैदानात आम्ही भर दुपारी उभे राहिलो. समोर स्पार्टाचे लाल अंगरखे. न्याहारीनंतर त्यांनी दारू घेतली होती, असं आमचे हेर सांगत होते. दोन्हीकडचं घोडदळ मध्ये भिडलं, त्यांचं मागे फिरलं आणि स्वतःच्याच पायदळात घुसलं. मला हसू आलं. शेकडो वर्षं ज्यांच्या नावाने ग्रीसची मुलं झोपवली, ते आपल्याच घोड्यांखाली सापडत होते.

पावा वाजला. आम्ही धावत निघालो, डावीकडे कलत, सगळे एका मनाने.

समोरची रांग धुळीतून वर आली. भाले आडवे झाले.

माझ्या डावीकडे जागा सुटली.

"थेरास!" मी ओरडलो. "आत!"

 मी मान वळवून पाहिलं. तो माझ्या मागे होता, डोळे त्या जागेवर. समोरून एका स्पार्टनने नेमका त्याच भगदाडात भाला घातला. मी पाहिलं ते सांगतो. भाला निकोनच्या कुशीपासून हातभर अंतरावर अडला. कशालातरी ठक्कन लागला, वाकला आणि मोडला. स्पार्टन मोडक्या दांड्याकडे बघत राहिला.

मी ते पाहिलं, आणि तरीही पुन्हा ओरडलो.

"आत हो, भित्र्या!"

थेरास आत शिरला.

त्याच क्षणी मागच्या पन्नास रांगांचा रेटा आला. पाय जमिनीवरून सुटले. ढाली ढालींना चिकटल्या. मला श्वास घेता येईना.

डावीकडून एकच आवाज आला. वाळलेली फांदी मोडावी तसा.

मग समोरची रांग फुटली.

राजा पडला होता. त्यांचे हजारभर पडले, आमचे पन्नासही नव्हते. त्यांचा दूत प्रेतं मागायला आला, म्हणजे हार कबूल झाली. ग्रीसमध्ये असं कधी कुणी पाहिलं नव्हतं. लोक मला खांद्यावर घ्यायला बघत होते, आणि मी वाकून एकेकाचं शिरस्त्राण उचलून तोंडं बघत होतो.

थेरास मागच्या बाजूला उताणा सापडला. रक्ताचा थेंब नव्हता. भाल्याचा वार नव्हता, तलवारीचा नव्हता. छातीचं काशाचं कवच दोन्ही बाजूंनी आत दबलं होतं आणि त्याचे खांदे लहान मुलाएवढे अरुंद झाले होते. माझ्या बाजूने दबलं, ते मी समजू शकतो, मी तिथे होतो. डावीकडच्या पोच्याशी निकोनचा संबंध नव्हता, कारण थेरास आणि निकोन यांच्यामध्ये अजून दीड हात अंतर होतं, असं मागच्या रांगेतल्या तिघांनी मला सांगितलं.

निकोन माझ्या शेजारी येऊन बसला. त्याच्या अंगावर ओरखडाही नव्हता. मी त्याचा गळा धरायला हवा होता, पण हात उचलेना.

"अग्लाओसने दोनदा सांगितलं थेरासला," निकोन मऊ आवाजात म्हणाला. "जागा नाही म्हणून. थेरास म्हणाला, लाम्पोनने सांगितलंय."

 मग आयुष्यात ज्या गोष्टींची फक्त टिंगल केली, त्यातलीच एक मी विचारली.

"निकोन. थेरास आहे का?"

निकोनने माझ्या उजवीकडे पाहिलं नाही. मी मात्र पाहिलं. त्याने आपल्या उजवीकडे पाहिलं, जरा मागे सरकून, मधल्या कुणाच्या तरी पलीकडे पाहावं तसं.

"आहे."

"काय म्हणतोय?"

"काही नाही म्हणत. तुझ्याकडे बघत नाहीये."

महिन्याने थीब्जला परतलो. शहराने मला ऑलिव्हची माळ घातली, डाव्या बगलेची युक्ती दलाला शिकवणारा म्हणून. पुजाऱ्यांनी भाषणं केली. मी त्यांची टिंगल करायला गेलो आणि शेवटपर्यंत ऐकत उभा राहिलो.

दुसऱ्या दिवशी कवायत घेतली. थेरासच्या जागी मागे एक नवा होता, जाडा, आज्ञाधारक. पावा वाजला. दोनशे पावलं चाललो, सुंदर कललो, थांबलो.

निकोन माझ्यापासून दोन माणसांच्या अंतरावर उभा होता.

मागचा जाडा पुढे येऊ लागला. मी हात आडवा धरून त्याला थांबवलं. सगळं मैदान शांत होतं, आणि त्या रिकाम्या जागेत एका ढालीच्या कडेवर दुसऱ्या ढालीची कड नीट बसल्याचा आवाज झाला.