शेवटची रांग

बाई आजारी असल्यामुळे आवाजाचा तास होणार नाही, असं फळ्यावर खडूने लिहिलं होतं. ते वाचून वर्गातली बाकी मुलं चहाला पळाली. एकटी पुटपुट तेवढी फळ्यासमोर उभी राहिली.

पुटपुट हे काही तिचं खरं नाव नव्हे. नाट्यशाळेतल्या पहिल्या दिवशी सगळ्यांनी उभं राहून आपापलं नाव सांगितलं. हिने सांगितलं तेव्हा मागच्या बाकांवरून तीनदा "काय?" आलं. शेवटी दिव्यांचं काम शिकणारा लंबू म्हणाला, "ती म्हणतेय, पुटपुट." वर्ग हसला, तीही हसली, आणि नाव चिकटलं ते चिकटलंच.

घरीही तीच गत. दादा म्हणायचा, "अगं, जेवताना मीठ मागतेस तर आम्हाला दोनदा विचारावं लागतं. आणि तू नाटकात काय करणार? झाडाचं काम?"

"झाडसुद्धा सळसळतं हो," वहिनी म्हणायची. मग मऊ आवाजात, "नाही जमलं तर नाही जमलं. आमच्या दुकानात काउंटरची जागा धरून ठेवलीय तुझ्यासाठी."

हीच तर धास्ती होती. सहामाही परीक्षेत प्रत्येकाला मोठ्या रंगमंचावर एकट्याने एक प्रवेश करायचा असे. तीन परीक्षक. त्यातला एक मुद्दाम शेवटच्या रांगेत जाऊन बसे. ज्याचं बोलणं त्याच्यापर्यंत पोचलं नाही, त्याने सामान बांधायचं. पुटपुटला काउंटरची लाज नव्हती. पण रंगमंचावर उभं राहिलं की तिच्या छातीत एक दार उघडायचं, आणि ते जन्मभर बंद होणार या विचाराने तिचा जीव कासावीस व्हायचा.

तिची सगळी मदार बाईंवर होती. बाई आवाज शिकवत. किती वर्षं, ते कोणालाच नीट माहीत नव्हतं. आज शिकवणारे निम्मे लोक त्यांच्याच हाताखालून गेलेले. ठेंगणी, वाळकी बाई, पण तिच्या तासाला मोठमोठे दांडगट मुलगे फरशीवर उताणे पडून, हात बरगड्यांवर ठेवून, निमूट श्वास मोजत. मग बाई सगळ्यांना मैदानात नेत. दहाबारा जणांना पाठमोरं उभं करत आणि लांबून एकाला म्हणत, "त्यांच्यातल्या एकालाच हाक मार. नाव घ्यायचं नाही. नुसतं 'अरे' म्हण." आणि खरोखर, नीट हाक गेली की त्या पाठींतली नेमकी एकच पाठ वळायची! बाई म्हणत, "आवाज मोठा नको. त्याला पत्ता पाहिजे." पुटपुटने हे वाक्य मनात कोरून ठेवलं होतं. अशा माणसाकडून आपण शिकतो, याचंच तिला अप्रूप वाटे.

शेवटी शेवटी बाई एकेकाला मोठ्या प्रेक्षागृहात नेत. तिथे खिडकी नाही. भर दुपारीही दिवे लावले नाहीत तर स्वतःचा हात दिसायचा नाही. मुलगा रंगमंचावर, बाई अगदी मागे, शेवटच्या रांगेत. समोरचे दिवे डोळ्यांवर आले की प्रेक्षागृह म्हणजे नुसती काळी भिंत. मुलगा एक वाक्य बोलायचा आणि थांबायचा. पोचलं असेल तर अंधारातून आवाज यायचा, खुर्चीच्या लाकडी हातावर एकदाच वाजवल्यासारखा. टक्. नाही पोचलं तर काहीच नाही, पुन्हा बोलायचं. नाट्यशाळेचा जुना शिरस्ता असा की, डोळ्यांवर हात धरून मागे कोण आहे ते बघायचं नाही, काही विचारायचं नाही, काम झालं की गुपचूप विंगेतून निघून जायचं. पुटपुटला त्या रंगमंचावर आजवर एकदाही टक् ऐकू आलं नव्हतं.

तर त्या दिवशी, मुलं चहाला गेल्यावर, तिने ऑफिसातून किल्ली घेतली आणि एकटीच प्रेक्षागृहात शिरली. विंगेतलं बटण दाबून समोरचे दिवे लावले. तिचा प्रवेश एका नदीकाठच्या बाईचा होता. घरची सगळी माणसं होडीतून पलीकडे गेलेली, आणि ही काठावर उभी राहून त्यांना बोलावते आहे.

ती पहिलं वाक्य बोलली. "पाणी चढतंय, आणि मी अजून इथंच आहे."

शांतता. वर कुठेतरी तापणाऱ्या दिव्याचा पत्रा कुरकुरला.

तिने श्वास घेतला, पुन्हा बोलली. आणि खूप लांबून, काळ्या भिंतीच्या पार पलीकडून आलं...

टक्.

तिच्या अंगावर शहारा आला तो आनंदाचा. बाई आल्या होत्या! आजारी असून आपल्यासाठी आल्या, कोणाला न सांगता येऊन बसल्या. बघायचं नाही, विचारायचं नाही. डोळ्यांतलं पाणी तसंच ठेवून तिने पुढचं वाक्य घेतलं.

रोज दुपारी ती जाऊ लागली, आणि रोज कोणीतरी ऐकू लागलं. तिची प्रगती तर अशी, की तिचा तिलाच विश्वास बसेना. आधी घसा ताणावा लागत होता, मग साधं बोललं तरी टक् येऊ लागलं. मग हळू बोललं तरी. "काय गं, चेहरा काय उजळलाय," वहिनी म्हणाली. "दुकानात सांगून टाकू का, दुसरी मुलगी बघा म्हणून?" पुटपुट नुसती हसली. आपण कुजबुजलो तरी शेवटच्या रांगेत पोचतं, हे कोणाला सांगून पटलं असतं?

आवाज आता पूर्वीइतका लांबून येत नाही, हे तिच्या कानांना कळत होतं. पण शिकणाऱ्या नटाचं मन मोठं लबाड. तिला वाटलं, आपले कान तयार झाले.

परीक्षेच्या आदल्या दुपारी ती प्रेक्षागृहात गेली, तेव्हा आत एक वास होता. कपड्यांच्या पेट्या वर्षानुवर्षं न उघडता उघडल्या की येतो तसा. जुना घाम, जुनी पावडर, ओल. तिने दिवे लावले. पहिलं वाक्य कुजबुजली. टक्. दुसरं नुसतं ओठांनी म्हटलं, श्वासाशिवाय.

टक्.

तिने ओठ घट्ट मिटले. आणि तिसरं वाक्य फक्त मनात म्हटलं.

टक्.

पहिल्या रांगेतून. तिच्या पायांपासून हातभर अंतरावरून. आणि त्यामागून, ऐकणारा माणूस पुढे झुकल्यावर खुर्ची करते तशी हलकी कुरकुर...

ती कशी बाहेर आली ते तिला आठवत नव्हतं. बाहेर लख्ख ऊन होतं. लंबू पायरीवर बसून वायर गुंडाळत होता.

"बाई..." ती म्हणाली. "बाई कधी आल्या?"

"मोठ्याने बोल ना, बये."

"बाई आल्यात का?"

"बाई? त्या हॉस्पिटलात नाहीत का? आठवडा झाला. खाटेवरून उठायला बंदी आहे त्यांना." त्याने मान वर केली. "अगं, काय झालं? बस, बस इथं."

ती बसली नाही.

हॉस्पिटलात बाई उशीला टेकून बसल्या होत्या. पांढऱ्या चादरीवर त्यांचे हात आणखीच बारीक दिसत होते. पुटपुटने सगळं सांगितलं. सांगून झाल्यावर बाई म्हणाल्या, "दार लोटून घे."

तिने दार लोटलं.

"मी कधीच टक् केलेलं नाही," बाई म्हणाल्या. "एकदाही नाही."

"मग...?"

"शेजारची खुर्ची. मी बसते तिच्या डावीकडची. मी पहिल्यांदा त्या रंगमंचावर उभी राहिले तेव्हाही ते होतंच. पुढे माझ्या मास्तरांनी मला मागे नेऊन बसवलं आणि म्हणाले, आता तू बसायचं. वळून बघायचं नाही. मी बघितलेलं नाही."

"कोण आहे ते, बाई?"

"माहीत नाही. पण कान काय आहे! इतक्या वर्षांत चुकीच्या वाक्याला एकदाही वाजलं नाही. घशातून ओरडलेलं वाक्य त्याला चालत नाही. खोटं वाक्य चालत नाही. मला जे येतं ते मी त्याच्या शेजारी बसून शिकले." त्यांच्या आवाजात भीती नव्हती, एखाद्या मोठ्या कलावंताविषयी बोलावं तसं त्या बोलत होत्या. मग त्यांचा चेहरा उतरला. "पण शेजारी कोणीतरी बसावं लागतं. एकटं ठेवलं की... ऐकायला पुढे सरकतं."

पुटपुटच्या आता ध्यानात आलं. म्हणजे आवाज कुठे गेलाच नव्हता. ऐकणारं जवळ आलं होतं.

"उद्या परीक्षा आहे," ती म्हणाली. "मी जातच नाही. काउंटरवर बसेन."

"बस," बाई म्हणाल्या. "पण ते आता पहिल्या रांगेत आहे. तुझं मनातलंही ऐकायला लागलंय. रंगमंचावरून तू गेलीस तर ते तिथंच थांबेल, असं तुला वाटतं?"

पुटपुट खाटेच्या कडेला टेकली.

"आवाज जिथं जाऊन पडतो तिथं ते जाऊन बसतं. त्याला मागे पाठव. खरंखुरं, मागे. तुला येतं ते. माझ्या वर्गात पाठमोऱ्या मुलांना तू हाक मारलीस तेव्हा कोण वळलं होतं, आठव."

"एकच जण. लंबू."

"बरोबर तोच. मी बघत होते." त्यांनी तिचा हात धरला. "लहान आवाजाची मुलगी नाहीस तू. पत्ता लिहायला घाबरणारी आहेस."

दुसऱ्या दिवशी प्रेक्षागृह परीक्षेसाठी बंद होतं. आत फक्त तीन परीक्षक. मुलं बाहेर आवारात. लंबू विंगेत दिव्यांपाशी होता. त्याने अंगठा वर केला आणि समोरचे दिवे आले. काळी भिंत उभी राहिली.

वास आधी आला. मग ती बोलली, "पाणी चढतंय..." आणि तिचं तिलाच कळलं की वाक्य हनुवटीशीच गळून पडलं.

टक्.

तिच्या मागून. विंगेच्या लाकडी चौकटीवर. लंबू दुसऱ्या बाजूला होता.

मानेवर गारवा आला. कोणीतरी अगदी कानाशी येऊन पुढचं वाक्य ऐकायला थांबावं तसा. तिला पळायचं होतं, पाय वळलेही. पण बरगड्यांना बाईंचा तास आठवला. फरशीवर पडून शिकलेला तो श्वास, पाठीतून, कंबरेतून, तळव्यांखालच्या फळ्यांतून वर आला. तिने समोरच्या काळोखातली सगळ्यात लांबची जागा मनात धरली. तिथे बसलेलं कोणी, जे इतकी वर्षं खरं वाक्य ऐकायला थांबलं आहे. आणि ती त्यालाच बोलली.

"पाणी चढतंय, आणि मी अजून इथंच आहे."

ओरडली नाही. वाक्य तिच्यातून सुटलं आणि डोक्यावरून पाखरू जावं तसं रांगांवरून गेलं. ते जाताना तिला जाणवलं. मानेवरचा गारवा निघाला. क्षणभर काहीच नाही. मग लांबून, पार लांबून, शेवटच्या भिंतीपाशी...

टक्.

पुढे तिला परीक्षा आठवली नाही, परीक्षक आठवले नाहीत. नदी होती, काठ होता, पलीकडे गेलेली माणसं होती. एकेक वाक्य मागे जात राहिलं आणि एकेक वाक्य पोचल्याची खूण येत राहिली. शेवटी ती दोन पावलं पुढे आली, दोन्ही हात पसरले आणि प्रवेशाचं शेवटचं वाक्य म्हणाली, "या रे सगळे. घर उघडं आहे."

दिवे गेले. विंगेत लंबू डोळे पुसत होता. "पुटपुट, अगं..." तो म्हणाला. मग त्याने तिच्यासाठी पाणी आणायला बाहेर धूम ठोकली.

ती तिथेच एका पेटीवर बसली. हसू आवरत नव्हतं. तेवढ्यात जिन्यावरून एक परीक्षक वर आले. दाढीवाले, मागे बसायला गेले होते ते.

"पोरी, अक्षर न् अक्षर ऐकू आलं," ते म्हणाले. "इतक्या वर्षांत असं ऐकलं नव्हतं. सामान बांधायचं नाही, कळलं? निकाल उद्या लागेल, पण मी आत्ताच सांगतो."

तिने वाकून नमस्कार केला.

"फक्त एक आहे हं. परीक्षेला घरच्यांना आणायची परवानगी नसते. मागची अख्खी रांग तुझ्याच माणसांनी भरलेली. मला बसायला जागा नाही! भिंतीला टेकून उभा राहिलो." ते हसले. "जाऊ दे, ओरडत नाही. काय एकाग्र माणसं! तू 'या रे' म्हणालीस आणि सगळे एकदम उठले, आणि अंधारातच रंगमंचाकडे निघाले. भेटले ना तुला?"

पुटपुटने मान हलवली. नाही.

"नाही?" परीक्षकांनी विंगेच्या तोंडाकडे, काळोखात पाहिलं. "मग थांब इथंच. म्हातारी माणसं आहेत, पायऱ्या चढायला वेळ लागतो त्यांना."