लिंबाजीची चिंधी

मी बत्तीस वर्षं शाळेत मास्तरीण होते. भूत दिसलं म्हणून रडत येणाऱ्या पोरांना मी दोन छड्या देऊन वर्गात बसवलेलं आहे. त्यामुळे मी काही भोळीभाबडी बाई नाही, हे आधीच सांगते.

आता जे सांगणार आहे त्यातलं एक अक्षरही माझ्या पदरचं नाही. अर्धं वडिलांनी सांगितलं, तेही मरायच्या आठ दिवस आधी. अर्धं आईनं. आणि शेवटचं मी आज सकाळी माझ्या डोळ्यांनी पाहिलंय.

आणि हो, रात्र नव्हती. अमावस्याही नव्हती. वैशाखातली भर दुपार होती, सन एकोणीसशे चोपन्न. वालूरहून सेलूकडे येणारा कच्चा रस्ता.

त्या दिवशी त्या रस्त्यावर माझा जन्म व्हायचा होता. किंवा मरण.

माझे वडील चंद्रभान. सेलूच्या एका कापसाच्या जिनिंगमध्ये मोटार चालवायचे. जिनिंगचे मालक माणिकराव. पोलीस ॲक्शननंतर एक जहागीरदार हैदराबादला निघून गेला, त्याची जुनी मोटार माणिकरावांनी घेतली होती. काळी, लांबलचक, दोन्ही बाजूंनी पंखासारखं बोनेट उघडणारी.

गाडी दिसायला राणी, पण आईल प्यायची. आज भरलं की उद्या खाली. रोज सकाळी बघावंच लागायचं.

तिच्यावर ड्रायव्हर दोन. माझे वडील आणि लिंबाजी. एक दिवस ह्याचा, एक दिवस त्याचा. आईल बघायचं काम मात्र ज्याची पाळी नसेल त्यानं करायचं, म्हणजे बाहेर जाणाऱ्याचा वेळ वाचतो.

बघायची रीत ठरलेली. गाडी वजनकाट्याजवळच्या सपाट फरशीवर उभी करायची. इंजन थंड असताना बोनेट उघडायचं. आईलची काडी बाहेर काढायची, पुसायची, परत पूर्ण आत घालायची, आणि मग काढून वाचायची. पहिल्यांदा काढलेली काडी खोटं बोलते, असं लिंबाजी म्हणायचा. काडीवर दोन रेघा. आईल वरच्या रेघेला असलं तर बरं, खालच्या रेघेखाली गेलं तर गाडी हलवायची नाही.

आणि बघून झालं की एक खूण करायची.

लिंबाजीच्या जुन्या तांबड्या पटक्याची एक चिंधी होती. ती पुढं रेडिएटरच्या टोपणाला बांधायची. चिंधी दिसली की समजायचं, आईल बघितलं, निघा.

लिहिणं-वाचणं दोघांनाही येत नव्हतं. चिंधी हीच त्यांची सही.

एक्कावन्न साली, असाच वैशाख. लिंबाजीची बायको बायनाबाई वालूरला, सासूपाशी. दिवस भरलेले, आणि अडली. निरोप आला तेव्हा लिंबाजी धावत जिनिंगच्या अंगणात आला. टोपणाला तांबडी चिंधी होती. त्यानं गाडी काढली. बायकोला घेऊन तो परत निघाला...

सेलूला पोचला नाही.

अर्ध्या वाटेवर एक नाला आहे. कडेला हिवराचं एकच झाड. तिथं इंजन जाम झालं. चेंबरमध्ये आईलचा थेंब नव्हता.

बायकोला गाडीत ठेवून लिंबाजी बैलगाडी आणायला उन्हात पळाला. दिवस कलताना मेंढरं घेऊन चाललेल्या मल्हारी धनगराला तो सापडला. रस्त्याच्या कडेला पालथा, उन्हानं मेलेला. गाडीत बायनाबाई. पोटातलं लेकरू पोटातच.

पाळ्या दोघं आपसांत बदलून घ्यायचे, म्हणून माणिकरावांनी वडिलांना विचारलं, "चंद्रभान, चिंधी कोनी बांदली व्हती?"

वडील म्हणाले, "लिंबाजीनं. त्याचीच हाय ती."

झालं. गावानं ठरवलं, लिंबाजीनं काडी न बघताच चिंधी बांधली. स्वतःच्या बायकापोराचा जीव स्वतःच्या आळसानं घेतला. त्याची म्हातारी आई भागुबाई वालूरला एकटी उरली. पाणवठ्यावर बायका तिच्याकडे बघून गप्प व्हायच्या.

चिंधी वडिलांनी स्वतःच्या हातानं लिंबाजीच्या सरणात टाकली. जळताना पाहिली.

इंजन दुरुस्त होऊन गाडी परत चालू झाली, पण त्यांनी कधी चिंधी बांधली नाही. दुसरा ड्रायव्हरही ठेवू दिला नाही. काडी रोज दोनदा बघायचे. मागे आईलचा भरलेला डबा कायम. लोक म्हणायचे, दुधानं तोंड पोळलंय, आता ताकही फुंकून पितोय.

मग चोपन्न साल. माझी आई कमलबाई पहिल्या बाळंतपणाला माहेरी, म्हणजे वालूरलाच.

सकाळी दहाला निरोप आला. लेकरू आडवं आहे. सुईण अंबाबाईनं हात टेकले. सेलूच्या दवाखान्यात न्या, नाहीतर दोघंही जातील.

तसल्या घाईतही वडिलांनी फरशीवर काडी बघितली. पुसली, घातली, काढली. आईल वरच्या रेघेला. मगच गाडी काढली.

वालूरला पोचले. आईला उचलून बाहेर आणलं. अंबाबाई मागे.

आणि वडिलांचे पाय जागीच थांबले.

टोपणाला... चिंधी बांधलेली होती.

तांबडी.

"कोनी बांदली ही?" वडील ओरडले.

अंगणात कोणीच नव्हतं. भर उन्हात कुत्रंसुद्धा नव्हतं.

अंबाबाई करवादली, "आरं चिंधी काय बगायलास! लेकीचा जीव चाललाय हितं!"

वडिलांनी चिंधी ओढून काढली, रस्त्यात फेकली आणि गाडी सुरू केली. चिंधीला राखेचा वास होता, असं त्यांनी मला सांगितलं.

अर्धी वाट नीट गेली. आई कण्हत होती. अंबाबाई तिचे पाय चोळत होती.

नाला आला.

हिवराचं झाड आलं.

आणि समोरच्या तबकडीवरचा आईलचा काटा... खाली पडायला लागला.

मग आवाज. ठक्... ठक्... ठक्... इंजनच्या आतून. कोणीतरी आतून दार वाजवल्यासारखा.

वडिलांनी गाडी बंद केली. आता आणखी दहा पावलं चालवली तर इंजन जाम, हे त्यांना पक्कं माहीत होतं. खाली उतरले.

सगळं एकदम गप्प झालं होतं. झाडावर होले पक्षी घुमत होते, ते थांबले. वारा पडला.

टोपणाला चिंधी होती.

जी मागे रस्त्यात फेकली होती, तीच.

वडिलांनी बोनेट उघडलं. काडी काढली. कोरडी. पुसली, घातली, काढली. कोरडी. गाडीखाली वाकून बघितलं. धुळीत आईलचा एक थेंब नाही. मागे वळून रस्ता बघितला. डाग नाही.

मग गेलं कुठं?

त्यांनी डबा आणला. अख्खा डबा ओतला. गटागट आत गेला.

काडी घातली. काढली.

कोरडी... पुसून ठेवल्यासारखी लख्ख.

तेवढ्यात आईनं गाडीतून बघितलं. हे आईनं मला सांगितलंय, आणि माझी आई खोटं बोलणारी नव्हती. ती म्हणाली, "सुमन, तुजा बाप एकलाच उतरला व्हता. पर बोनेटवर वाकलेले दोगं व्हते."

"दुसरा कोण?"

"तोंड दिसलं न्हाई गं. हात दिसले. काडी पुसायला लागला व्हता... सावकाश. कायबी घाई न्हाई त्याला."

अंबाबाईला काहीच दिसलं नाही. ती फक्त ओरडत होती, "चंद्रभान, थांबू नकू बाबा! लेकरू गुदमरायलंय!"

वडिलांच्या कानाशी आवाज आला. टर्र... कापड फाडल्याचा.

ते तिथंच धुळीत गुडघ्यावर बसले आणि तीन वर्षं पोटात ठेवलेलं बोलून टाकलं.

"लिंबाजी... चिंधी म्याच बांदली व्हती. रात्री लग्नाला गेलो व्हतो. सकाळी उशीर झाला. काडी बगायची पाळी माजी व्हती. मालक आतून हाका मारायला लागले... म्या काडीला हात लावला न्हाई. नुस्ती चिंधी बांदली आन् कामाला पळालो. तुजी चूक न्हाई. तुज्या मायला सांगतो. समद्या गावाला सांगतो. पर माज्या बायकूला जाऊ दे... लेकराला जाऊ दे."



मग हिवरावर एक होला घुमला.

वडिलांनी काडी काढली. आईल. वरच्या रेघेला बरोबर. चिंधी टोपणावर नव्हती.

दुपारी दोनच्या सुमारास सेलूच्या दवाखान्यात मी जन्मले. आई वाचली. मीही वाचले, म्हणून तर हे सांगतेय.

इथं गोष्ट संपली असती तर मी ती कधीच लिहिली नसती.

बाराव्या दिवशी वडील वालूरला भागुबाईच्या दारात गेले, सगळं सांगायला. म्हातारी बाहेर आली. मुलगी झाल्याचं तिला कळलं होतं. तिनं वडिलांच्या हातावर गुळाचा खडा ठेवला, पाण्याचा तांब्या दिला. म्हणाली, "बरं झालं बाबा. माज्या लिंबाजीनं काडी बगितली न्हाई. तू बगितलीस. तुज्या लेकीला औक्ष लाभू दे."

वडील गूळ खाऊन पाणी प्यायले. उद्या सांगू म्हणून ते परत आले.

उद्याचं परवा झालं. नोकरी जाईल, गाव थुंकेल, ही भीती. त्याच दिवाळीत भागुबाई वारली. लेकराच्या नावाचा काळिमा घेऊनच गेली बिचारी. आईला सगळं ठाऊक होतं, तीही गप्प राहिली.

मला हे कळलं तेव्हा मी वडिलांवर चिडले, लय चिडले. मरणाच्या दारातल्या माणसाला मी म्हणाले, "तुम्ही सांगितलं का नाही?" ते म्हणाले, "तू सांग." आणि भिंतीकडे तोंड केलं.

मीही नाही सांगितलं. मास्तरीणबाईंचा बाप असा, हे लोकांना कसं सांगायचं? मला माझी लाज वाटते. पण खरं आहे ते खरं आहे.

आता आजचं.

माझी नात बाळंतपणाला आमच्याकडे सेलूला आली आहे. नववा महिना सरत आला. काल डॉक्टर म्हणाले, बाळ आडवं आहे, कळा सुरू झाल्या की लगेच परभणीला हलवा.

माझ्या मुलाची, बन्सीधरची, नवीन गाडी दारात असते. आज पहाटे मी सडा टाकायला बाहेर आले.

गाडीच्या पुढच्या जाळीला चिंधी बांधलेली होती.

तांबडी. विटलेली. एका कडेला जळलेली.

मी ओरडले नाही. चिंधी सोडली, चुलीत घातली, राख होईपर्यंत समोर बसून राहिले. मग बन्सीधरला उठवून म्हटलं, आईल बघ.

तो हसायला लागला. "आई, आजकालच्या गाडीत आईल कमी झालं की समोर लाल दिवा लागतो."

"दिवा राहू दे. बोनेट उघड."

त्यानं कुरकुरत उघडलं. काडी मी स्वतः काढली. पुसली, घातली, काढली. आईल वरच्या खुणेला होतं. त्यानं मला पाणी दिलं, म्हणाला, "झालं समाधान?"

तेव्हापासून मी हे लिहीत बसले आहे. जे वडिलांनी भागुबाईच्या दारात सांगायचं होतं ते मी इथं सांगते, जितके वाचतील तितक्यांना. लिंबाजीची चूक नव्हती. चिंधी माझ्या बापानं बांधली होती. काडी न बघता. ऐकलंस का रे लिंबाजी? मी सांगितलं.

सत्तर वर्षं उशिरा सांगितलेलं चालतं का, मला माहीत नाही.

तो सांभाळायला आलाय, की माझ्या बापानं त्याच्याशी जे केलं तेच आमच्याशी करायला आलाय, तेही माहीत नाही. काडी बघून बांधलेली असो की न बघता, चिंधी सारखीच दिसते.

आत नात कण्हायला लागली आहे. बन्सीधर किल्ली घेऊन पळत बाहेर गेला. दुपारचे बारा वाजलेत. अंगणातले होले आत्ताच गप्प झाले.

मी खिडकीतून गाडीकडे बघत नाहीये. काडी मी बघितली आहे ना. आईल भरलेलं आहे.

माझ्या बापालाही त्या सकाळी भरलेलंच दिसलं होतं.