सकाळ पावाची असते

एकशे पंचवीस... एकशे सव्वीस... एकशे सत्तावीस... आणि तेवढ्यात कुणीतरी पाण्यात पाव फेकला.

मेहरूण तलावावरची माझी थापट्या बदकं भुर्रकन उडाली! चपट्या चोचीची, हिवाळ्यापुरती येणारी ही पाहुणी मोजायला मी बाराव्या वर्षापासून पहाटे काठावर बसते. तेव्हा मी चोवीसची होते, आणि इतक्या हिवाळ्यांत माझी मोजणी अशी कुणी मोडली नव्हती.

"अहो, बदकांना पाव घालतं का कुणी?"

तो वळला. डोक्यावर लोकरीची टोपी, हातात बेकरीचा खोका आणि चेहरा असा, की चूक बदकांचीच.

"आमच्या बेकरीचा आहे. धुळ्यात याला कुणी नाही म्हणत नाही."

"मग धुळ्याच्या बदकांना घाला!"

"रागावलात?" तो हसला. खळी पडली, ती फक्त डाव्या गालावर. मी घाईने दुर्बीण डोळ्यांना लावली. समोर नुसतं पाणी होतं... तरी बघत राहिले.

जाळं ओढत भटूआबा आले. रोज मला विचारतात तेच त्यांनी विचारलं, "कशिशबेन, मोजाई ग्यात का बठ्ठा?"

"कुठले सगळे, आबा! एकशे सत्तावीसला या साहेबांनी उडवले."

"मंग बसा दोन्हीजन. येतीन परत."

बसलो. थंडी बोचरी होती. त्याने दुर्बीण मागितली, मी दिली.

"याची चोच तर आमच्या भट्टीतून पाव काढायच्या फळीसारखी आहे. आणि ते, चोचीवर पिवळं-तांबडं?"

"हळदी-कुंकू बदक."

"पहिल्याच भेटीत हळदी-कुंकू? जरा घाई होतेय, नाही?"

मी हसू दाबायला गेले, ते काही दबलं नाही.

अकरा वाजता मला बघायला धुळ्याचे पाहुणे यायचे होते. अब्बांचं गाद्यांचं दुकान पुढे, घर मागे. चहाचा ट्रे घेऊन मी पडद्याबाहेर आले, आणि समोर डावी खळी! त्याची आई, हसीनाबी, खोका उघडून अब्बांना म्हणत होत्या, "अमीनभाई, एक पाव कमी कसा झाला, अल्ला जाने."

खळीवाला फैज गंभीरपणे म्हणाला, "अम्मी, एकशे सत्तावीस जणांना वाटला."

होकार दोन्हीकडून आला. निकाह रमजाननंतर ठरला.

मग दुपारी बेकरी निवांत झाली की त्याचा फोन यायचा. मी पॅथॉलॉजी लॅबमध्ये, नळ्यांवर नावं चिकटवत. तो धुळ्याच्या नकाणे तलावावर जाऊन फोटो पाठवायचा.

"हा काळा कोण?"

"पाणकावळा."

"आणि ही बुडते ती?"

"टिबुकली."

"नाव पुन्हा घे ना... तुझ्या तोंडून छान वाटतं."

"काम नाही का तुला?"

"आहे ना. तेच करतोय."

मी पुरती बुडाले होते, टिबुकलीपेक्षा खोल. खोटं कशाला बोलू?

फेब्रुवारीत हसीनाबी फैजला घेऊन पुन्हा आल्या, माझ्या हाताचं माप घ्यायला. बांगड्या करायच्या होत्या. त्या मायेनं बोलत होत्या, म्हणून मी धीर केला.

"अम्मी, एक मागू? आठवड्यातली एक सकाळ मला तलावावर जाऊ द्याल? बाकी सगळं करीन. नोकरी, घर, बेकरी, सगळं."

त्यांनी माझा हात हातात घेतला. "बेटा, आपल्या घरी सकाळ आपली नसते, पावाची असते. चारला उठायचं, आठपर्यंत सगळ्यांचे हात लागतात. लाकडाची भट्टी आहे. एकदा थंड झाली की दिवसभर तापत नाही. याचे अब्बा गेले त्या दिवशीही मी ती विझू दिली नाही. तेव्हा हा दहावीत होता."

त्यात कुठेही कडू काही नव्हतं, तेच अवघड होतं. मी फैजकडे पाहिलं. तो कपातल्या सायीकडे बघत होता.

दुसऱ्या दिवशी दुपारी तो एकटाच तलावावर आला आणि म्हणाला, "लग्न तर होऊ दे, कशिश. नंतर बघू."

"नंतर कधी?"

"नंतर म्हणजे... नंतर. अम्मीला आत्ता कसं सांगू? चाळीस वर्षांत ती भट्टी थंड झालेली नाही."

"एक सकाळ मागितली, फैज."

"मला समजतं गं."

"समजतं, तर काल बोलला का नाहीस?"

तो बोटांनी माती उकरत राहिला. माझ्या अम्मीला नर्स व्हायचं होतं. नंतर शिकू, नंतर शिकू म्हणत ती मला वाढवत राहिली, आणि तिचं ते नंतर तिच्यासोबतच गेलं. तिच्या पेटीत प्रवेशाचा कोरा फॉर्म सापडला, तेव्हा मी बारा वर्षांची होते. त्याच हिवाळ्यात मी पहिल्यांदा या काठावर येऊन बसले होते. हे मी फैजला सांगितलं. तो रडला, पण "अम्मीशी बोलतो" असं काही म्हणाला नाही.

नकार मी दिला. माझा जीव होता त्याच्यावर, आणि तरी दिला. अब्बा आठवडाभर कापूस पिंजत बसले, एकदाच म्हणाले, "मुलगा चांगला होता गं." मी म्हटलं, "हो अब्बा, फार चांगला होता."

याला आता तीन वर्षं झाली. मी अजून पहाटे तलावावर, साडेसातला घरी, नऊला लॅबमध्ये. शिवाय जानेवारीत खानदेशातल्या पक्षीमित्रांच्या मोजण्या माझ्याकडे येतात, त्या मी एकत्र लिहिते. साक्रीपासून वरणगावपर्यंतची माणसं याद्या पाठवतात.

गेल्या शुक्रवारी मी काठावर असतानाच एक यादी आली.

"नकाणे तलाव, धुळे. शुक्रवार, सकाळी साडेसहा. टिबुकली चौदा. पाणकावळे नऊ. हळदी-कुंकू बदक सहा. मोजणारे : फैज, रुखसार."

खाली एक ओळ होती. "शुक्रवारी आता भट्टी थंड ठेवतो. अम्मीला सांगितलं. ती एवढंच म्हणाली, आधी का नाही बोललास?"

मी ती ओळ किती वेळा वाचली, कुणास ठाऊक. त्याचं लग्न झाल्याचं कानावर आलं होतं. रुखसारला ही सकाळ मागावीसुद्धा लागली नसेल... मला आनंद झाला, खरंच झाला. आणि तरी फोन बराच वेळ खाली ठेवला नाही.

याद्या लिहिणारीला पोच तर द्यावीच लागते. मी लिहिलं, "मिळाली. पाव घातला नाही ना?"

उत्तर लगेच आलं. "नाही. रुखसार घालणार होती. मी थांबवलं."

भटूआबा जाळं खांद्यावर टाकून चालले होते. "मोजाई ग्यात का बठ्ठा, कशिशबेन?"

"मोजते, आबा."

वहीत लिहिलं : मेहरूण तलाव. मोजणारी : कशिश. दुर्बीण लावली आणि थापट्या बदकं मोजायला घेतली. एकशे सव्वीस... एकशे सत्तावीस... आणि पुढचं काही दिसेना. या वेळी पाव कुणी फेकला नव्हता, बदकं जागच्या जागी होती. मी ओढणीने डोळे पुसले, भिंगं पुसली, आणि पुन्हा एकपासून सुरुवात केली.