भवानीच्या आधी

सकाळी दुकान उघडल्या उघडल्या, गल्ल्यात एक पेसेवासुद्धा पडायच्या आत, कुणी नुसता भाव विचारून चालतं झालं तर टेमा बंदराच्या बाजारात त्याला काय म्हणतात ते इथं लिहिण्यासारखं नाही. लामिलेनं मात्र ते त्या गुरुवारी चांगलं मोठ्यानं म्हटलं.

जाणारा माणूस गर्रकन वळला. उंच, तरणाबांड, मोटारसायकलवरून आल्यामुळे भुवयांवर लाल धूळ.

"मला म्हणालात?"

"नाही, फ्रीजला म्हणाले! अहो, भवानी व्हायचीय अजून. कोंबडीच्या तंगड्यांच्या खोक्याचा भाव विचारलात, मी सांगितला, आणि खुशाल पाठ फिरवलीत? आता दिवसभर मी माशा मारत बसू?"

"भाव विचारायला पैसे पडतात हे ठाऊक नव्हतं..."

"सकाळी पडतात!"

तो हसला. हसला म्हणजे काय, त्या धुळीतून सगळेच्या सगळे दात दिसले. आणि काहीही न घेता गेला!

आता लामिलेचा दिवस वाया जायला हवा होता की नाही? तर दुपारच्या आत तिन्ही फ्रीज रिकामे. तिची आई, आंटी कोर्को, पैसे मोजता मोजता म्हणाली, "आज कुणाचं तोंड पाहिलंस गं?" लामिले थक्क होऊन रिकाम्या फ्रीजमधली वाफ बघत बसली.

पुढच्या गुरुवारी तो पुन्हा हजर. पुन्हा भवानीच्या आधी.

"तंगड्या कशा दिल्या?"

"तुम्हाला? दुप्पट."

"आणि पुढच्या आठवड्यात चढतील का?"

"ते ब्राझीलच्या जहाजाला विचारा, नाहीतर डॉलरला. एवढी चौकशी कशाला? लग्नाची पंगत घालायचीय का?"

"लग्नाचंच बघतोय," तो तिच्याकडे बघत म्हणाला.

लामिलेचा हात बर्फाच्या खोक्यावर होता तो तिथंच राहिला. बोटं बधिर झाली तेव्हा कुठं तिला कळलं.

त्याचं नाव नार्ते. राहायचा लांब, दोदोवा गावात. करतो काय ते विचारलं की "बघू, सांगेन" म्हणून टाळायचा. असे किती गुरुवार गेले! लामिले आता बुधवारी रात्रीच वेण्या घालून ठेवायची आणि सकाळी गिऱ्हाईक लवकर येऊ नये म्हणून चक्क फळी अर्धीच उघडायची. आईनं विचारलं तर म्हणायची, "बिजागरी अडकलीय..."

मग एका सकाळी पावसाची भुरभुर आली. नार्ते पत्र्याखाली आला आणि लामिलेनं आपल्या केंकेचा, आंबवलेल्या मक्याच्या उंड्याचा, अर्धा भाग तळलेल्या मासळीसकट त्याच्या पुढ्यात सारला. तो जेवायला वाकला आणि त्याच्या कॉलरवर तिला पांढरं पीस दिसलं.

"हे काय? आमच्या कोंबड्या तर सोलूनच येतात परदेशातून!"

त्यानं घास खाली ठेवला. "माझ्याकडच्या पिसांसकट असतात. माझी शेड आहे, लामिले. नाताळासाठी पक्षी वाढवतोय."

तिला खरंच धक्का बसला. तोंड उघडं ते उघडंच. "म्हणजे आमचा भाव उतरला की..."

"की माझी कोंबडी कुणी विचारत नाही."

"आणि तू दर गुरुवारी इथं येतोस? आमच्याच दारात?" अहोजाहो कधी गळून पडलं, दोघांच्याही ध्यानात आलं नाही.

"काय करणार... तुमच्या दारात बसणारी वाईट निघाली. शिव्या फार गोड देते." मग खाली बघत, हळूच म्हणाला, "नाताळात पक्षी गेले ना, की काकाला बाटल्या घेऊन पाठवतो. दार ठोठावायला."

मुलीच्या दारी मुलाचा काका दारूच्या बाटल्या घेऊन येतो तो मागणी घालायलाच, हे टेमातल्या शेंबड्या पोरालाही कळतं. लामिलेनं आपल्या वाटणीची मासळीही त्याच्याकडे सारली.

त्या दिवसापासून त्या घरात भलतंच सुरू झालं. खोक्याचा भाव चढला की आई कपाळाला हात लावायची आणि लेक गाणं म्हणायची.

"डॉलर चढला म्हणून नाचतेस? डोकं ठिकाणावर आहे ना?"

"आहे की! जरा अजून चढू दे..."

आणि डिसेंबरात, सणाच्या तोंडावर, बंदरात एकामागून एक जहाजं लागली. भाव असा कोसळला की बाजारातल्या म्हाताऱ्या बायकासुद्धा अवाक झाल्या. आंटी कोर्कोनं आनंदानं खोकी लावली. लामिलेचं गाणं मात्र बंद झालं.

गुरुवारी नार्ते आला. कोरडा वारा सुटला होता, त्याचे ओठ फुटले होते. भाव विचारला नाही.

"दाण्याचा खर्चसुद्धा निघत नाही. काका नाही येणार. मी कुमासीला ट्रकवर कामाला जातोय... पुढच्या गुरुवारी नसेन."

"आणि भाव? भाव कोण विचारणार?" तिचा आवाजच फाटला.

"भाव तर रोज पहाटेच फोनवर येतो गं. आम्हा सगळ्या शेडवाल्यांना येतो."

लामिले त्याच्याकडे बघतच राहिली. "मग इतक्या लांबून... दर आठवड्याला..."

"शिव्या फोनवर येत नाहीत."

तिच्या डोळ्यांत टचकन पाणी आलं. आणि दुसऱ्या क्षणी, अहो, ती मोठ्या फ्रीजवर तुटून पडली! खोकी उचलून धडाधड बाहेर.

"वेड्या, जिवंत कोंबडी रोज दाणे खाते. गोठलेली काय खाते? काही नाही! कापून, साफ करून आण सगळ्या. इथं पडू देत. भाव चढला की विकू."

"लामिले! अगं बये, काय चाललंय?" आत झोपलेली आंटी कोर्को धावत आली. बर्फाचं खोकं तिच्या पायाशी येऊन पडलं. तिनं खोक्याकडे पाहिलं, रडणाऱ्या लेकीकडे पाहिलं, मग त्या धुळीनं माखलेल्या माणसाकडे.

"माझ्या फ्रीजमध्ये? दोदोवाच्या कोंबड्या?"

"आंटी, मी निघतो, मी काही..."

"गप. तुला विचारलं नाही." तिनं लुगडं खोचलं. "हा भाव टिकणार नाही, ते मलाही कळतं. ईस्टरला डॉलर परत डोकं वर काढेल. पण ऐक. आमच्या घरात रीत आहे. दार ठोठावल्याशिवाय परक्या पुरुषाचा माल फ्रीजमध्ये जात नाही."

अशी रीत लामिलेनं जन्मात ऐकली नव्हती. ती आईकडे डोळे फाडून बघायला लागली.

"बघतेस काय? बिजागरी काय दर गुरुवारीच अडकते? मी आंधळी आहे का? ए, जा रे, काकाला घेऊन ये. बाटल्या नंतर दिल्यास तरी चालेल. आधी पक्षी आण, सणाच्या आत."

नार्ते मटकन खोक्यावरच बसला. मग उठला, हसला, मोटारसायकल उलट्या दिशेनं वळवली, परत नीट वळवली आणि निघाला.

"ए!" लामिले डोळे पुसत रस्त्यापर्यंत धावली. "आजही तसाच चाललास? भवानी कोण करणार?"

तो परत आला. खिसे चाचपून एक चुरगळलेली नोट काढली आणि आयुष्यात पहिल्यांदा परदेशी तंगडी विकत घेतली, एकच. लामिलेनं ती नोट सगळ्या मालावरून फिरवली आणि गल्ल्यात न टाकता कमरेला खोचली.