न पुसला जाणारा निरोप

खोलीतले पडदे ओढलेले होते आणि उजेड मंद होता. मग आजोबांच्या डोळ्यांतल्या बाहुल्या मोहरीएवढ्या का झाल्या होत्या? अंधारात त्या मोठ्या व्हायला हव्यात, हे सातवीतल्या ईशाला ठाऊक होते.

"सारंग, लवकर ये!" तिने काचगृहातल्या यंत्रमानवाला हाक मारली.

कीटकशास्त्रज्ञ डॉ. पाटसकर, म्हणजे तिचे आजोबा, खुर्चीत घामाने निथळत होते. तोंडातून लाळ गळत होती. दंडाचे स्नायू आपोआप थरथरत होते.

"काही नाही गं. हंगामाचा शीण आहे."

"शीण खरा, कारण खोटे," सारंग म्हणाला. "दुपारी कीटकनाशकाच्या फवाऱ्याची तोटी तुंबली. मी तार शोधत होतो. तुम्ही म्हणालात, 'हयात गेली फुंकून साफ करण्यात, मला शिकवतोस?' आणि ती ओठांना लावलीत."

सारंगने रुग्णविमान बोलावले आणि खिडक्या सताड उघडल्या. ईशाने रबरी हातमोजे चढवून आजोबांचा सदरा उतरवला आणि साबणाच्या पाण्याने त्यांचे तोंड-हात धुऊ लागली.

"विषाने माणूस थंड पडतो ना? हे तर थरथरताहेत!"

"मज्जातंतूचा निरोप स्नायूपर्यंत असेटिलकोलीन हे रसायन नेते," सारंग म्हणाला. " स्नायू आखडतो. लगेच एक विकर (शरीरातील क्रिया घडवणारे प्रथिन) त्या रसायनाचे तुकडे करते. निरोप पुसला जातो, स्नायू विसावतो. फवाऱ्यातले ऑर्गॅनोफॉस्फेट (फॉस्फरसयुक्त सेंद्रिय विष) त्या विकरालाच चिकटते. मग निरोप साचत जातात. बाहुली आकसलेलीच राहते, ग्रंथी पाझरतच राहतात. विसावा कुणालाच नाही."

"आणि शेवटी?"

"शेवटी स्नायू थकून निकामी होतात. श्वासाचेसुद्धा."

ईशाचा हात थबकला.

"अपुरे उत्तर," आजोबा धापा टाकत म्हणाले. "किडाही... असाच मरतो, हे सांग. आणि तू, धू!"

"वादापुरता श्वास आहे अजून," सारंग म्हणाला.

विमानातून उतरलेल्या डॉक्टरीणबाईंनी प्राणवायू लावला आणि दोन औषधे टोचली. "पहिल्याने ग्रंथींना निरोप ऐकू येईनासा होतो," त्यांनी ईशाला सांगितले. "दुसरे विकराला विषापासून सोडवते, पण वेळेत दिले तरच. तू वेळेत पाहिलेस."

काही दिवसांनी रुग्णालयात ईशाने पडदा ओढला. आजोबांच्या बाहुल्या सावकाश मोठ्या झाल्या.

"सारंग," ते क्षीण आवाजात म्हणाले, "पुन्हा तोटी ओठांना लावली, तर हिसकावून घे."

"तुम्ही भांडाल."

"भांडणारच. तरी हिसकाव."

ईशा मात्र कागदावर न तुंबणारी तोटी काढत बसली होती. आजोबांनी ती निरखली, एक चूक दाखवली आणि कितीतरी दिवसांनी ते निवांत झोपी गेले.