आबांचा आवाज कुलपात

"थांबा काका! आता एकही बोट लावू नका!"

शिवम इतक्या जोरात ओरडला, की कूलरमध्ये पाणी ओतणाऱ्या प्रणालीच्या हातून बादली हिंदकळली आणि फरशीवर पाणी सांडलं. पण गोपालकाकांचं बोट तोवर फोनवर टेकलंही होतं. फोन हातातल्या हातात थरथरला. 'चुकीचा पिन. काही वेळानं पुन्हा प्रयत्न करा.'

"झालं!" काका खुर्चीत धपकन बसले. "आता पुन्हा वाट पाहा. मी तर कंटाळलो बावा या फोनले!"

प्रणाली आठवी संपवून नववीत जाणार होती आणि तिचा भाऊ शिवम पाचवीत. दरवर्षी मे महिन्यात दोघं अकोल्याहून अमरावतीला, राजापेठेतल्या गोपालकाकांकडे यायची आणि काका त्यांना चिखलदऱ्याला न्यायचे. यंदा चिखलदऱ्याचं नावसुद्धा कोणी काढलं नव्हतं. आबांच्या, म्हणजे काकांच्या वडिलांच्या, घशाचं मोठं ऑपरेशन झालं होतं. वर्षानुवर्षं तंबाखू-सुपारीचा खर्रा खाल्ल्याचा तो परिणाम होता. डॉक्टरांना स्वरयंत्रच काढावं लागलं. आबा आता घरी आले होते, पण बोलू शकत नव्हते. ते पाटीवर लिहायचे.

घरातलं प्रत्येक माणूस दमलेलं होतं. मुलांसोबत आबांच्या सेवेला आलेली आई तर स्वयंपाकघरात भाजी निवडता निवडता भिंतीला टेकून झोपायची. बाबांना अकोल्याहून सुटी मिळत नव्हती. काका सकाळी ट्यूशन क्लास घ्यायचे, मधल्या वेळात औषधं आणायचे, दुपारपासून पुन्हा क्लास. आणि त्यात हे फोनचं नवं दुखणं!

आबांचा फोन हॉस्पिटलात पलंगावरून पडून फुटला होता. काकांनी घाईघाईत एका दुकानातून त्याचा डिस्प्ले बदलून आणला, आणि तेव्हापासून तो उघडतच नव्हता. बंद होऊन सुरू झाल्यावर फोन अंगठा घेत नाही, पिनच मागतो. आबांनी पाटीवर पिन लिहून दिला होता : एक, नऊ, सात, नऊ. फोन म्हणत होता, चूक!

"आबा विसरले असतील," काका हळू आवाजात म्हणाले. आबा आतल्या खोलीत झोपले होते. "एवढं मोठं ऑपरेशन, त्या भुलीच्या औषधानं डोक्यावर परिणाम होतेच ना! मी फोन दुकानात देऊन क्लासले जातो. दुकानदार म्हणे, फॉरमॅट मारला की नवा कोरा होते."

"पण काका, त्यातलं सगळं जाईल ना!" प्रणाली म्हणाली.

"काय हाये त्यात? गुड मॉर्निंगची फुलं!" असं म्हणत काकांनी फोन खिशात टाकला आणि गाडीला किक मारली.

थोड्या वेळानं आबा जागे झाले. त्यांनी उशीखाली हात घातला. मग गादीखाली. मग घाईनं पाटी ओढली : 'फोन?'

"काकांनी दुकानात नेला, आबा. फॉरमॅट करायला."

आबा एकदम उठून बसले. त्यांनी तोंड उघडलं. आवाज आला नाही, फक्त गळ्याच्या पट्टीजवळून हवा गेल्यासारखं झालं. त्यांनी खडू उचलून लिहिलं.

'त्यात माहा आवाज हाये.'

प्रणाली बघतच राहिली. आबा खुशालराव म्हणजे भातकुली तालुक्यातले शंकरपटाचे, म्हणजे बैलांच्या शर्यतीचे, निवेदक! बैलजोड्या सुटल्या की माइकवर त्यांचा आवाज असा गरजायचा, की शेवटच्या रांगेतल्या माणसाच्याही अंगावर काटा यायचा. आबांनी पाटी पुसली आणि पुन्हा लिहिलं. ऑपरेशनच्या आधी गच्चीवर एकटेच बसून त्यांनी रोजची वाक्यं रेकॉर्ड केली होती. पाणी दे. दुखते. जेवलीस का? शेवटी एका शंकरपटाचं निवेदनही. नंतर बटण दाबलं की आपल्याच आवाजात बोलता यावं म्हणून! कोणाला सांगितलं नव्हतं. त्यांना सगळ्यांना चकित करायचं होतं.

"आणि दुसरीकडं कुठं ठेवलंय का ते?" शिवमनं विचारलं.

आबांनी मान हलवली. नाही. मग पाटी बाजूला ठेवून ते भिंतीकडे तोंड करून आडवे झाले. पुन्हा काही लिहायची ताकद जणू त्यांच्यात उरलीच नव्हती.

शिवमचा चेहरा रडवेला झाला. प्रणाली मात्र पलंगाच्या कडेवर बसली.

"आबा, एकच विचारते. तुमी पहिल्यांदा माइक हातात घेतला तवा कोणती जोडी जिंकली होती?"

आबा वळले नाहीत. बऱ्याच वेळानं त्यांचा हात मागे आला. प्रणालीनं पाटी पुढे सरकवली. न बघता त्यांनी लिहिलं : 'राजा-तुफान. नत्थुजीची जोडी. सन १९७९.'

"बघ शिवम!" प्रणाली उडी मारून उठली. "एक, नऊ, सात, नऊ! आबा काहीच विसरले नाहीत! ते चुकत नसतील, तर मग फोनच चुकून राहिला!"

"फोन कसा चुकेल?" शिवम म्हणाला आणि एकदम थबकला. "ए ताई, काल ना गंमत झाली होती! मी फोन न उघडता कॅमेरा लावत होतो. तो खाली उजव्या कोपऱ्यात असतो ना, तो दाबला तर उघडेचना! मग त्याच्याही खाली, पार कडेवर बोट दाबलं, तवा उघडला."

"आणि हे तू आत्ता सांगून राहिला?"

"मले कोणी विचारलं का?"

प्रणालीनं काकांना फोन लावला. लागला नाही. क्लासमध्ये ते फोन बंदच ठेवायचे. आईला उठवावं म्हणून ती स्वयंपाकघरात गेली. पण आई हातात गवारीची शेंग धरून इतकी गाढ झोपली होती, की प्रणालीला हाक मारवेना. तिनं गॅस बंद आहे ना ते पाहिलं आणि शेजारच्या दारावर थाप मारली.

"जाईबाई, संघपाल आहे का? आणि तुमी थोडा वेळ आबांजवळ बसता का? आई दमून झोपली."

"बसतो ना माय," जाईबाई पदर सावरत बाहेर आल्या. "पण एवढ्या उन्हात कुठं निघाले? डोक्याले बांधा काही!"

त्यांचा मुलगा संघपाल प्रणालीच्याच वयाचा होता. सगळं ऐकून त्यानं एकच विचारलं, "दुकान कोणतं?"

"कुंदन नावाच्या माणसाचं. काका काल सांगत होते."

"माहीत हाये. चला!"

तिघांनी डोक्याला दुपट्टे गुंडाळले आणि निघाले. रस्ता तव्यासारखा तापला होता. रसवंतीची घुंगरं वाजत होती, पण थांबायला वेळ नव्हता. शिवमच्या चपलेचा अंगठा तुटला. तो पाय ओढत ओढत चालू लागला.

"मी बसतो इथंच. तुमी जा," तो म्हणाला.

"बस. आणि आबांनी विचारलं तर काय सांगू? शिवमची चप्पल तुटली म्हणून आवाज गेला?"

शिवमनं तुटकी चप्पल हातात घेतली आणि तो पुन्हा चालायला लागला.

दुकानात गर्दी होती. काउंटरमागे कुंदनदादा एका हातानं घाम पुसत दुसऱ्या हातानं कोणाचा तरी चार्जर तपासत होता. त्याच्यापुढे आबांचा फोन होता. काळ्या पडद्यावर फॉरमॅटच्या यादीतल्या इंग्रजी ओळी दिसत होत्या.

"दादा, तो फोन फॉरमॅट करू नका!" प्रणाली धापा टाकत म्हणाली.

"तुह्ये काका सांगून गेले करा म्हणून. सकाळपासून डोकं उठलं माह्यं, बाजूले व्हा बरं," म्हणत कुंदनदादानं फोन उचलला आणि बाजूचं बटण दाबत दाबत तो ओळीवरून ओळीवर खाली जाऊ लागला.

"दादा, ऐका तर—"

"अबे, बाजूले व्हा म्हटलं ना!"

प्रणालीनं संघपालकडे पाहिलं. संघपालनं रस्त्याकडे पाहिलं. दुकानासमोर पार्किंगच्या पट्ट्याबाहेर गाड्या आडव्यातिडव्या लावलेल्या होत्या.

"क्रेन!" संघपाल जीव खाऊन ओरडला. "ट्रॅफिकची क्रेन आली! गाड्या उचलून राहिले!"

क्षणात दुकान रिकामं झालं! गिऱ्हाइकं किल्ल्या शोधत धावली, आणि फोन काउंटरवर टाकून कुंदनदादाही धावला. प्रणालीनं फोन ओढून घेतला. सगळ्यात वरच्या ओळीचा अर्थ तिला कळला : फोन पुन्हा सुरू करा. बाजूच्या बटणानं ती वर गेली आणि तीच ओळ निवडली. पडदा विझला, आणि मग फोन नेहमीसारखा सुरू झाला.

"कुठं हाये क्रेन?" कुंदनदादा लालबुंद होऊन परतला. "कोण ओरडलं?"

"मी," संघपाल म्हणाला. "चुकलं माह्यं, दादा. पण तुमी ऐकतच नव्हते. आमच्या आबांचा आवाज गेला हाये. तो फक्त या फोनमध्ये उरला."

कुंदनदादा काहीतरी कडक बोलणार होता. त्यानं तिघांकडे पाहिलं. घामानं निथळणारी तोंडं, शिवमच्या हातातली तुटकी चप्पल. तो स्टुलावर बसला.

"पिन चुकीचा हाये पोट्टेहो. मी काय करू?"

"पिन बरोबर आहे. तुमीच बघा," प्रणालीनं फोन त्याच्यापुढे धरला. "पिन टाकताना आकडे दिसत नाहीत, नुसते ठिपके दिसतात. पण इमर्जन्सी कॉलमध्ये आकडे दिसतात. तिथं नऊ दाबा. तुमच्याच बोटानं."

"आणि हिरवं बटण दाबू नका!" शिवम ओरडला. "नाहीतर पोलिसांची गाडी येईल!"

कुंदनदादानं तोंड वाकडं करत नऊ दाबलं.

पडद्यावर सहा उमटलं.

त्यानं पुन्हा नऊ दाबलं. पुन्हा सहा! एक दाबलं तर एक आलं. सात दाबलं तर सात. नऊ दाबलं की सहा!

"आबा लिहितात एकोणीसशे एकोणऐंशी," प्रणाली म्हणाली, "आणि फोन ऐकतो सोळाशे शहात्तर! खाली उजव्या कोपऱ्यात बोट टेकलं, की फोनला ते जागेच्या वर टेकल्यासारखं वाटतं. म्हणून कॅमेराही उघडत नव्हता. तुमी डिस्प्ले बसवल्यावर सगळीकडून दाबून पाहिला होता का?"

कुंदनदादानं फोन उलटसुलट करून पाहिला.

"नाही," तो म्हणाला. "वर-खाली सरकवून पाहिला अन् दिला. गर्दी होती. अन् डिस्प्ले हलका होता, तुह्ये काका घाई करून राहिले होते." त्यानं मान खाजवली. "चांगला डिस्प्ले उद्या मागवतो. पण तोवर नऊ कसं टाकणार? बोट खाली सरकवून पाहायचं का?"

त्यांनी इमर्जन्सीच्या पडद्यावर तसं करून पाहिलं. कधी नऊ यायचं, कधी सहा, कधी काहीच नाही. असं अंदाजानं करून पिन पुन्हा चुकला असता, तर फोन आणखी किती वेळ बंद झाला असता कोण जाणे!

संघपाल इतका वेळ काउंटरवरच्या कॉम्प्युटरकडे बघत होता.

"दादा, हा माउस फोनला लागतो का? मग बोट लावायचं कामच नाही!"

कुंदनदादानं कपाळावर हात मारला. "अबे, हे माह्या डोक्यात काहून नाही आलं!" त्यानं खोक्यातून माउस जोडायचा छोटा कनेक्टर काढला, एक टोक फोनमध्ये खुपसलं, दुसऱ्यात माउस. पडद्यावर इवलासा बाण उमटला!

थांबायची वेळ संपेपर्यंत त्यानं तिघांना माठातलं पाणी दिलं. मग प्रणालीनं माउस हातात घेतला.

एक. टिक. नऊ. टिक. सात. टिक. नऊ.

फोन उघडला!

"उघडला! उघडला!" शिवम एका चपलेवर नाचायला लागला.

कुंदनदादानं सगळ्या आवाजाच्या फायली आधी पेनड्राइव्हमध्ये उतरवल्या, कॉम्प्युटरवर उघडून एकदा तपासल्या, मग नीट दिसतील अशा फोनवर लावून दिल्या. "डिस्प्ले बदलायले मी स्वतः घरी येतो," तो म्हणाला. "अन् माउस घेऊन जा. तवर लागेल."

संध्याकाळी काका क्लासवरून आले, तेव्हा घरात सगळे आबांच्या पलंगाभोवती जमले होते. जाईबाई होत्या, आई होती. काकांना काहीच कळेना. आबांनी माउस हातात धरला. सवय नव्हती, बाण इकडेतिकडे पळत होता. शेवटी तो एका फायलीवर थांबला.

"गोपाल!" खोलीत तो भरदार आवाज घुमला. "घाई करू नको रे बावा, सावकाश!"

काका दारातच खिळले. हातातली औषधांची पिशवी त्यांनी हळूच खाली ठेवली. प्रणालीनं त्यांना सगळं सांगितलं. नवाचं सहा कसं होत होतं तेही, आणि क्रेनचंही.

काका आबांच्या पायाशी बसले. "आबा, मी तुमाले विसराळू ठरवलं," ते म्हणाले. "तुमचं बरोबर होतं. मी पाहिलंच नाही."

आबांनी त्यांच्या डोक्यावर हात ठेवला आणि पाटी ओढली. 'तू दमला होता.'

"दमलो तर सगळेच होतो," काकांनी मुलांकडे पाहिलं. "हे पोट्टेही दमले होते. पण यांनी आबांवर भरवसा ठेवला. संघपाल, प्रणाली, शिवम, शाब्बास! मोठ्या माणसाले जे जमलं नाही ते केलं तुमी!"

"क्रेनचं खोटं बोलणं सोडून," जाईबाई संघपालचा कान धरत म्हणाल्या, आणि सगळे हसले.

आबांनी बाण पुढे नेला. शंकरपटाचं निवेदन सुरू झालं. जोड्या सुटल्या, धूळ उडाली, राजा-तुफान पुढे निघाले. आई भिंतीला टेकून ऐकत होती. आबा आजारी पडल्यापासून ती एकदाही रडली नव्हती, आता तिच्या गालांवरून पाणी वाहत होतं आणि ती ते पुसतही नव्हती. शिवम तिच्या मांडीवर डोकं ठेवून केव्हाच झोपला होता. प्रणालीचेही डोळे मिटत होते.

आबांनी आवाज थोडा कमी केला, पण बंद केला नाही.

"झोपू द्या पोट्ट्यांले," काका दिवा मालवत म्हणाले. "आबा, तुमी बोलत राहा."

आणि आबा बोलत राहिले.